निकाल लागला, कब्जा कधी? दरखास्तींवर सुप्रीम कोर्टाची नजर, पण घोडं अडतं तहसीलमध्ये

पंधरा-वीस वर्षं कोर्टाच्या पायऱ्या झिजवायच्या, दावा जिंकायचा, पेढे वाटायचे. आणि बांधावर गेलं तर समोरचा तिथंच औत धरून उभा! गावोगावी हेच चित्र आहे. कारण निकाल म्हणजे कब्जा नव्हे. हुकूमनामा अमलात आणायला पुन्हा दरखास्त दाखल करावी लागते आणि खरी रखडपट्टी तिथून सुरू होते.

तामिळनाडूतल्या एका जमिनीचा खरेदी करार १९८० चा, हुकूमनामा १९८६ चा. कब्जाचा वाद मात्र २०२५ पर्यंत सुप्रीम कोर्टात. ६ मार्च २०२५ रोजी या प्रकरणात न्यायमूर्ती जे. बी. पारडीवाला यांच्या खंडपीठाने सगळ्या उच्च न्यायालयांना बजावलं, की खालच्या कोर्टांतल्या प्रलंबित दरखास्तींची माहिती मागवा आणि सहा महिन्यांत त्या निकाली काढायला लावा. कुचराई झाली तर संबंधित न्यायाधीश जबाबदार.

ऑक्टोबरमध्ये हिशेब झाला. सहा महिन्यांत ३ लाख ३८ हजार ६८५ दरखास्ती निकाली निघाल्या, तरी देशात ८ लाख ८२ हजार ५७८ शिल्लक. त्यात सर्वाधिक, ३ लाख ४० हजारांवर, मुंबई उच्च न्यायालयाच्या हद्दीत. कोर्टाने तीव्र निराशा व्यक्त करून आणखी सहा महिने दिले.

खरी गोम वाटपात

शेतकऱ्यांचे बरेच दावे भाऊबंदकीच्या वाटपाचे असतात. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ५४ नुसार सारा भरणाऱ्या शेतजमिनीचं वाटप कोर्ट स्वतः करत नाही, ते कलेक्टरकडे पाठवतं. तिथून कागद तहसीलला, तहसीलहून मोजणीसाठी भूमी अभिलेखकडे. मोजणीला विरोध झाला की बंदोबस्त मागायचा, तोवर पेरणी येते, उभ्या पिकात मोजणी होत नाही आणि वर्ष जातं.

सुप्रीम कोर्टाचा आदेश न्यायाधीशाला जाब विचारतो, भूमापकाला नाही. आकडा कमी करण्याच्या घाईत दरखास्त कागदोपत्री निकाली निघाली आणि जमीन हाती आलीच नाही, तर शेतकऱ्याच्या पदरात काय पडणार? त्यामुळे मोजणी आणि ताबा यांनाही मुदत बांधली गेली पाहिजे.

तोवर हे ध्यानात ठेवा

कब्जाचा किंवा पैशांचा हुकूमनामा असेल तर दरखास्त १२ वर्षांच्या आत दाखल झाली पाहिजे. पक्षकार मयत झाला तर वारसांची नावं लगेच लावून घ्यावीत. दरखास्त सहा महिन्यांत निकाली काढावी, उशीर झाल्यास कारण लेखी नोंदवावं, असं सुप्रीम कोर्टाने २०२१ मध्येच सांगितलंय. त्यामुळे पुढची तारीख पडली की वकिलाला विचारा, कारण लिहिलंय का? कागद तहसीलला अडकला असेल तर तिथला अहवाल मागवण्याचा अर्ज कोर्टात देता येतो.

निकालाची नक्कल पेटीत ठेवून जमीन हाती येत नसते. तिचा पाठपुरावा करावाच लागतो.