मारिकोची लाथ

नायिकेला सोडवायला गेलेला नायक शेवटी नायिकेच्याच लाथेने मरतो, असा प्रसंग आपल्या नाटक-सिनेमांत पाहिल्याचे मला तरी आठवत नाही. 'कराटेका' या व्हिडिओ गेममध्ये मात्र तो १९८४ पासून घडत आला आहे!

जॉर्डन मेक्नर या अमेरिकन तरुणाने येल विद्यापीठात शिकत असताना ॲपल टू संगणकासाठी हा खेळ रचला. कराटे खेळणाऱ्या माणसाचे फिल्मवर चित्रण करायचे, त्यातले एकेक चित्र गिरवायचे आणि त्यावरून पडद्यावरचा माणूस हलवायचा, असा त्याचा उद्योग. संगीत वडिलांनी दिले. चिरंजीवांनी कॉलेजच्या दिवसांत खेळ करायला घ्यावा आणि तीर्थरूपांनी कान उपटायचे सोडून चाल लावून द्यावी, हे भाग्य सर्वांच्या नशिबी नसते.

कथा चार ओळींची. अकुमा नावाच्या दुष्टाने मारिकोला गडावर कोंडले आहे. नायक कडा चढून येतो आणि एकेका पहारेकऱ्याशी लढत आत शिरतो. हरला की पुन्हा पहिल्यापासून. साऱ्या वाटेवर खेळ एकच धडा घोटून घेतो: पवित्रा न घेता पहारेकऱ्याला सामोरे गेलात, तर एका फटक्यात संपलात. अखेर अकुमा पडतो, दार उघडते, समोर मारिको! आणि अंगवळणी पडलेला तोच पवित्रा घेऊन नायक पुढे सरकला, की ती अशी लाथ हाणते की खेळ खलास. मुठी सोडून, साध्या माणसासारखे धावत गेले, तरच ती मिठी मारते.

२०१२ साली मेक्नरनेच या खेळाचा नवा अवतार काढला. रंगीत, देखणा. संगीत ख्रिस्तोफर टिन यांचे, आणि तेही नुसते ऐकायचे नव्हे. शत्रूच्या फटक्यांची सूचना सुरांतून मिळते, त्या ठेक्यावर हात आडवा घालायचा. सम कळणाऱ्याला सोपे जावे.

शिवाय आता नायक तीन: खरा प्रियकर, संन्यासी आणि एक आडदांड गडी. प्रियकर पडला की उरलेली वाट संन्यासी चालतो, तोही पडला की गडी. पहिल्यापासून सुरुवात करण्याचा जाच नाही. मात्र नायक जितका दांडगा, तितका मारिकोचा आनंद कमी.

"म्हणजे सुटका झाली, पण स्थळ पसंत नाही!" आमची पुतणी म्हणाली.

मला खटकले ते नेमके हेच. जुन्या खेळात आपण चुकलो तर मरायचे आपणच. इथे हरायचे आपण आणि संसार करायचा तिने! खेळणाऱ्याला दया दाखवली खरी, पण तिचा खर्च मारिकोच्या खात्यावर.

२०२३ साली 'द मेकिंग ऑफ कराटेका' या नावाने मूळ खेळ, मेक्नरच्या जुन्या कागदपत्रांसकट, पुन्हा खेळता येईल असा निघाला. पुतणी सध्या तोच खेळते आहे. काल अकुमापर्यंत पोचली होती. दारापलीकडे काय आहे, ते मी तिला सांगितलेले नाही.