मातीचा कप आणि कप्तानी

दिवाळी उलटली, बाजरी घरात आली, की आमच्या नारायणगावाभोवतीची मोकळी वावरे फार दिवस ओस राहत नाहीत. चार पोरे जमतात, ढेकळे फोडतात, पाणी शिंपडून माती धोपटतात आणि मीनेच्या काठाने टेनिसच्या चेंडूचे सामने सुरू होतात. हल्ली प्रत्येकाच्या अंगात रंगीत सदरा असतो आणि पाठीवर कुणा थोराचे नाव. कुणी सचिन, कुणी रोहित, कुणी विराट. नावांची ही हौस मला आवडते. ज्याचे नाव पाठीवर घेतले त्याच्यासारखे निदान एक षटक तरी खेळावे, असे पोराला वाटतेच. परंतु या पाठींवर एक नाव मात्र कधी दिसत नाही. ते नाव इथून पंचाहत्तर किलोमीटरवर, पुण्याच्याच मैदानांवर घडले. ते नाव म्हणजे पाळवणकर.

‘लगान’ चित्रपटातला, वळणारा चेंडू टाकणारा कचरा आपण सर्वांनी पाहिला आहे. ते पात्र बाळू पाळवणकरांवरून सुचले असावे, असे पुष्कळजण म्हणतात. असेल किंवा नसेल. पण पडद्यावरचा कचरा घरोघर ओळखीचा झाला आणि खरे बाळू अनोळखीच राहिले, ही गोष्ट जराशी लाजिरवाणी आहे.

बाळूंचा जन्म १८७६ सालचा, धारवाडचा. घराणे मूळचे कोकणातले, चर्मकार समाजातले. वडिलांची नोकरी लष्करात, म्हणून बिऱ्हाड पुण्याला आले. मुलगा पारशी लोकांच्या क्लबात मैदान झाडण्या-लोटण्याच्या कामाला लागला. पगार महिना तीन रुपये. पुढे १८९२ च्या सुमारास साहेबांच्या पूना क्लबात त्याला जागा मिळाली आणि तिथे पगार झाला चार रुपये. रोलर फिरवायचा, पाणी मारायचे, जाळी बांधायची आणि साहेबांना सरावाची हुक्की आली की चेंडू टाकायचे. त्या काळचा नामांकित फलंदाज ग्रेग याला बाळूंनी तासन्‌तास चेंडू टाकले. आपल्याला बाद केले की दर खेपेला ग्रेग आठ आणे देई, असे सांगतात. महिन्याचा पगार चार रुपये आणि एका बळीचे आठ आणे! गोलंदाजी शिकायला याहून चांगली शाळा कोणती असणार? मात्र या शाळेत एक विषय शिकवला जात नव्हता. बॅट हातात घेऊन उभे राहण्याचा मान साहेबांचा. नोकराने फक्त चेंडू टाकायचे.

डाव्या हाताने मंदगतीने टाकलेला, हवेत अंमळ रेंगाळणारा आणि पडल्यावर कोणत्या बाजूला वळेल याचा पत्ता न लागू देणारा तो चेंडू लवकरच पुण्यात गाजला. मग हिंदूंच्या क्लबापुढे पेच पडला. साहेबांना हरवायचे तर हा गोलंदाज हवा, आणि घ्यावा तर सोवळे आड येते. वादावादीनंतर बाळू संघात आले. मैदानावर तेच ब्राह्मण खेळाडू त्यांनी टाकलेला चेंडू झेलत होते, परत त्यांच्याच हातात देत होते. पण चहाची वेळ झाली की सहकारी आत चिनी मातीच्या पेल्यातून चहा घेत आणि बाळूंना तंबूबाहेर, पिऊन फेकून द्यायच्या साध्या मातीच्या भांड्यात चहा मिळे. जेवायचे पान वेगळे, टेबल वेगळे. चेंडूला विटाळ होत नव्हता. कपाला होत होता!

नारायणगावकराला यातले मर्म फोड करून सांगावे लागत नाही. आमचे गाव तमाशाचे. भाऊ-बापू मांग नारायणगावकरांचा फड याच मातीतला आणि भाऊंची कन्या विठाबाई म्हणजे तर तमाशाची सम्राज्ञीच. रात्रभर शिट्ट्या-टाळ्यांनी कनात हलवायची आणि उजाडल्यावर त्याच कलावंताला पंगतीपासून हातभर दूर बसवायचे, ही रीत या महाराष्ट्राने पिढ्यान्‌पिढ्या पाळली. टाळी द्यायला पैसा पडत नाही. आपल्या शेजारी जागा द्यायची म्हटले की मात्र हात आखडतो.

प्लेगच्या दिवसांत बाळू मुंबईला गेले आणि हिंदू जिमखान्याकडून खेळू लागले. १९०६ साली हिंदूंच्या संघाने साहेबांच्या संघाला १०९ धावांनी हरवले. त्या संघात बाळू होते आणि त्यांचे धाकटे बंधू शिवरामही. १९११ साली पतियाळाच्या महाराजांच्या नेतृत्वाखाली पहिला अखिल भारतीय संघ इंग्लंडला गेला. संघाची कामगिरी यथातथाच. तेवीस सामन्यांत सहा जिंकले, पंधरा गमावले. पण त्या पडझडीत पस्तिशीतल्या बाळूंनी सर्व सामने मिळून ११४ बळी घेतले. लेस्टरशायरला हरवण्यात त्यांच्या गोलंदाजीचा मोठा वाटा होता आणि सॉमरसेटविरुद्धचा सामना शिवरामच्या शतकाच्या जोरावर अवघ्या एका गड्याने जिंकला. परत आल्यावर मुंबईच्या दलित समाजाने बाळूंचा सत्कार केला. त्या समारंभात पुढाकार घेणाऱ्या तरुणांत कॉलेजात शिकणारे भीमराव आंबेडकरही होते.

इतके झाल्यावर कोणालाही वाटेल की आता कप्तानी चालत घरी आली असेल. ती आली नाही. वर्षानुवर्षे हिंदू संघाचा सर्वांत अनुभवी गोलंदाज दुसऱ्याच्या हुकमाखाली खेळत राहिला. १९१३ साली कप्तान झालेल्या एम. डी. पै यांनी आपल्या सत्काराच्या सभेतच मोकळेपणाने सांगितले, की हा मान खरा बाळूंचा होता. ते बोलले हे त्यांच्या मनाचे मोठेपण. सभेने टाळ्या वाजवल्या असतील. व्यवस्था जागची हलली नाही.

मग आले १९२० साल. पै आजारी पडले. बाळूंना संघातूनच वगळले होते. उरलेल्यांत शिवराम आणि विठ्ठल हे दोघे पाळवणकर अनुभवाने आणि खेळाने मानाचे. कप्तानी मात्र दि. ब. देवधरांकडे गेली. देवधर थोर खेळाडू. त्यांच्या फलंदाजीबद्दल प्रश्नच नव्हता. प्रश्न होता तो निवडीच्या निकषाचा. दोघा भावांनी जाहीर पत्रक काढले, जातीमुळे आम्हाला डावलले जाते असे स्पष्ट सांगितले आणि संघातून अंग काढून घेतले. वाचकहो, त्या दोघांनी काय पणाला लावले होते, याचा जरा विचार करा. वर्षातून एकदाच येणारी ती मोठी स्पर्धा. नाव, नोकरी, लोकप्रियता सारे तिच्यावर. एका पत्रकाने सगळे धुळीस मिळू शकले असते. पण ताठ मानेने केलेली ही माघार संघाला जड गेली. पै बरे होऊन परतले, भाऊ संघात आले आणि बाळूंना उपकप्तान नेमण्यात आले. पै मैदानाबाहेर गेले तेव्हा काही काळ संघाची सूत्रे बाळूंच्या हाती आली. मैदान झाडणाऱ्या मुलाला क्षेत्ररक्षण लावण्याचा हक्क मिळायला जवळजवळ तीस वर्षे लागली.

पुढे १९२३ साली विठ्ठल पाळवणकर हिंदूंचे कप्तान झाले आणि त्यांच्या संघाने साहेबांना हरवून चौरंगी स्पर्धा जिंकली. १९२५ आणि १९२६ सालीही ते यश त्यांच्याच कारकिर्दीत मिळाले. ज्या घराण्याला तंबूबाहेर चहा दिला, त्याच घराण्यातल्या कप्तानाला लोकांनी खांद्यावर उचलून घेतले.

योगायोग पाहा. ज्या १९२० साली इकडे पाळवणकर बंधूंनी पत्रक काढले, त्याच साली तिकडे अमेरिकेत रूब फॉस्टर नावाच्या गृहस्थाने काळ्या खेळाडूंची स्वतंत्र बेसबॉल लीग उभी केली. बेसबॉल म्हणजे आपल्या क्रिकेटचा दूरचा चुलतभाऊ. त्यातल्या मोठ्या लीगांचे दरवाजे काळ्यांना बंद होते. नियम लिहिलेला कुठेच नव्हता, पाळत मात्र सगळेच होते. १९४७ च्या एप्रिलमध्ये जॅकी रॉबिन्सनने तो दरवाजा उघडला. काळ्यांच्या लीगचा महान फलंदाज जॉश गिब्सन त्याच वर्षीच्या जानेवारीत, वयाच्या पस्तिसाव्या वर्षी वारला होता. तीन महिन्यांचीच चुकामूक! मात्र अमेरिकेने उशिरा का होईना हिशेब पुन्हा मांडला. २०२० साली १९२० ते १९४८ या काळातल्या त्या लीगांना मोठ्या लीगांचा दर्जा दिला आणि २०२४ साली त्यांचे आकडे मुख्य वहीत चढवले. तेव्हा गिब्सनची सरासरी .३७२ निघाली आणि जवळजवळ शंभर वर्षे अग्रस्थानी बसलेला टाय कॉब .३६७ वर दुसरा झाला.

आपल्याकडची गंमत अशी, की इथे वही नव्याने मांडण्याचीही गरज नाही. बाळूंचे प्रथम दर्जाचे सामने ३३, बळी १७९, सरासरी पंधराच्या आसपास. हे सारे आकडे अधिकृत नोंदींत आहेतच. पण आपण इतिहास मोजतो तो भारताचा पहिला कसोटी सामना झाला त्या १९३२ पासून, नाहीतर रणजी स्पर्धेच्या १९३४ पासून. तोवर बाळू पन्नाशी ओलांडून गेले होते. धर्माधर्मांच्या नावांनी भरणारे ते सामने १९४६ नंतर बंद झाले. ते बंद झाले हे योग्यच. पण मांडव काढताना आपण त्यात बसलेली माणसेही विसरलो.

बाळूंचे उत्तरायुष्य सरळ रेषेतले नाही. १९३२ च्या पुणे करारावर त्यांची सही आहे. १९३७ साली मुंबईत काँग्रेसतर्फे ते खुद्द डॉ. आंबेडकरांविरुद्ध निवडणुकीला उभे राहिले आणि सुमारे दोन हजार मतांनी हरले. या एका गोष्टीमुळे ते कुणाच्याच मिरवणुकीत नीट बसत नाहीत. ज्यांनी त्यांना बाहेर चहा दिला त्यांना आठवण अडचणीची, आणि ज्यांनी प्रथम सत्कार केला त्यांना ती निवडणूक बोचणारी. ४ जुलै १९५५ रोजी मुंबईत त्यांचे देहावसान झाले. माणूस विसरला जातो तो नेहमी लहान असतो म्हणून नव्हे. कित्येकदा तो कोणाच्याच सोयीचा नसतो म्हणून.

मराठी शिकवणाऱ्या माझ्यासारख्याला यात आणखी एक गोष्ट टोचते. विठ्ठल पाळवणकरांनी आपली हकिकत स्वतः मराठीत लिहून ठेवली आहे. ‘माझे क्रीडा-जीवन’ हे पुस्तक १९४८ साली प्रसिद्ध झाले. मराठी आत्मचरित्रांवर आम्ही वर्गात तास-तास बोलतो, पण त्यात या पुस्तकाचे नाव घेतलेले मी क्वचितच ऐकले आहे. रामचंद्र गुहांनी २००२ साली इंग्रजी ग्रंथ लिहिला, तेव्हा आपल्यापैकी बहुतेकांना पाळवणकर ‘सापडले’. आपल्याच भाषेत, आपल्याच माणसाने सांगितलेली गोष्ट आपल्याला परभाषेतून कळावी, हे काही भूषण नव्हे. एखाद्या प्रकाशकाने ते पुस्तक पुन्हा छापावे, एखाद्या ग्रंथालयाने ते दर्शनी कपाटात ठेवावे, एवढे तर सहज होण्यासारखे आहे.

आणि तेही होईतो एक बिनखर्चाचे काम आपल्या घरी करता येईल. फराळाला बसलेल्या मुलांचे क्रिकेटवर वाद चालले असतील. सर्वांत मोठा डावखुरा गोलंदाज कोण, उत्तम कप्तान कोण. त्या वादात चार नावे हळूच सोडून द्यावीत. बाळू, शिवराम, विठ्ठल, गणपत. चौघे सख्खे भाऊ, चौघेही हिंदूंच्या संघातून खेळलेले. मुले विचारतील, हे कोण? मग चकलीचे ताट जरा पुढे सरकवावे आणि तीन रुपये पगारापासून सांगायला सुरुवात करावी. मातीच्या कपाची गोष्ट मात्र गाळू नये.