अर्धवट राहिलेले दगड

प्राचीन इजिप्त म्हटलं की आपल्याला पिरॅमिड आठवतात. आस्वानच्या खाणीत मात्र एक स्तंभ आजही आडवा पडून आहे. सुमारे ४२ मीटर लांबीचा हा अखंड दगड हत्शेपसुत राणीच्या काळातला मानतात. कोरताकोरता त्याला तडा गेला आणि काम तिथंच सोडून दिलं गेलं. पण त्यामुळेच कळलं की, कारागीर डोलेराइटचे कठीण गोटे आपटून ग्रॅनाइट झिजवत होते. डौलानं उभ्या असलेल्या स्तंभांनी हे गुपित कधी सांगितलं नसतं.

असाच एक ठेवा चंद्रपुरात लालपेठच्या मैदानात आहे. गोंड राजवटीतल्या रायप्पा नावाच्या धनिकानं भव्य शिवमंदिराचा संकल्प सोडला, एकेका दगडातून प्रचंड मूर्ती घडवून घेतल्या. पण त्याच्या मृत्यूमुळे मंदिर राहूनच गेलं, असं सांगतात. दहा तोंडांची दुर्गा उताणी पडलेली आहे. लोक तिलाच रावण समजतात! शेजारी शिवलिंग, नंदी, गणपती, मारुती.

आस्वानला जगभरातून पर्यटक तिकीट काढून जातात. लालपेठच्या मूर्ती पुरातत्त्व खात्याच्या संरक्षित यादीत असूनही ताडोब्याचे पाहुणे शहराला वळसा घालून थेट वाघाकडे धावतात. दोष त्यांचा नाही, आपणच त्यांना कधी सांगितलं नाही.

हा अंक इजिप्तविषयी आहे. तो वाचून झाला की एखाद्या रविवारी मुलांना घेऊन लालपेठला जरूर जा.