विश्लेषण : नोकरीचे आमिष, लाखोंची फसवणूक, गुन्हा दाखल होतो, मग सिद्ध का होत नाही?

‘नोकरीचे आमिष दाखवून तरुणाला लाखोंचा गंडा, गुन्हा दाखल.’ नांदेड-लातूरच्या वाचकांना ही बातमी नवी नाही. डेस्कवर अशा बातम्यांना मथळे देताना एक गोष्ट मात्र सारखी खटकते. गुन्हा दाखल झाल्याची बातमी येते. शिक्षा झाल्याची क्वचितच. हदगावसारख्या तालुक्यात हा पैसा सोयाबीन-हळदीच्या पट्टीतून, शेत गहाण टाकून किंवा बहिणीच्या लग्नासाठी ठेवलेल्या रकमेतून आलेला असतो. तो घेणारा सापडतो, नावानिशी माहीत असतो, तरी सुटतो. माझ्या मते अशी अनेक प्रकरणे कोर्टात जाण्याआधीच कागदावर हरलेली असतात.

कायदा नेमके काय तपासतो?

१ जुलै २०२४ पासून फसवणुकीसाठी भारतीय न्याय संहितेचे कलम ३१८ लागू आहे. त्याआधीच्या व्यवहारांना जुने ‘चारसोबीस’च लागते. कलम ३१८(४) मध्ये सात वर्षांपर्यंत कैद आणि दंड आहे. पण पैसे घेतले आणि नोकरी लावली नाही, एवढ्याने हा गुन्हा होत नाही. पैसे घेतानाच मनात खोट होती का, हे सिद्ध करावे लागते. सर्वोच्च न्यायालयाने हृदय रंजन प्रसाद वर्मा प्रकरणात २००० साली हे स्पष्ट केले होते : नंतर शब्द पाळला नाही म्हणून सुरुवातीची लबाडी आपोआप गृहीत धरता येत नाही.

कायद्यातले उदाहरण निळीच्या पिकाचे आहे, १८६० पासूनचे. नीळ द्यायचीच नाही असे ठरवून आगाऊ पैसे घेतले तर फसवणूक. द्यायचा विचार होता, पण पुढे करार मोडला, तर फक्त दिवाणी दावा. निळीच्या जागी ‘शिपायाची जागा’ घाला, आरोपीच्या वकिलाचा सगळा युक्तिवाद तयार होतो : ‘आमचा माणूस प्रयत्न करत होता, काम झाले नाही, पैसे परत देणार होता.’

‘हातउसने’ हा शब्द महागात पडतो

नोकरी लागत नाही असे दिसले की गावातली चार माणसे मध्ये पडतात आणि बाँडवर लिहून घेतले जाते (पूर्वी शंभराच्या, आता पाचशेच्या). त्यावर काय असते? ‘घरगुती अडचणीसाठी हातउसने घेतले, अमुक तारखेला परत करीन.’ सोबत एखादा चेक. नोकरीचा उल्लेखच नाही. लिहून घेणाऱ्याला वाटते, आता हा अडकला. प्रत्यक्षात आरोपीच्या हाती सर्वात चांगला बचाव आलेला असतो, कारण उसने पैसे न फेडणे हा फौजदारी गुन्हा नाही. चेक वटला नाही तर वेगळा खटला चालतो, पण त्यात फसवणूक सिद्ध करण्याचा प्रश्नच येत नाही.

नोकरीचा शब्द का टाळतात? भीती. भ्रष्टाचार प्रतिबंधक कायद्यात २०१८ च्या दुरुस्तीनंतर लाच देणाराही आरोपी ठरू शकतो. बळजबरीने द्यावी लागली आणि सात दिवसांत तक्रार केली, तरच संरक्षण आहे. ‘साहेबांना द्यायचे म्हणून दिले’ असे लिहायला बाप कचरतो, ते समजण्यासारखे आहे. पण खोटे कारण लिहिण्यापेक्षा फिर्यादीआधी वकिलाला खरे सांगणे केव्हाही बरे.

मग खोट सिद्ध कशी होते?

मनातले कोणाला दिसत नाही, म्हणून कोर्ट परिस्थिती पाहते. ती जागा अस्तित्वात होती का? जाहिरात निघाली होती का? नियुक्तिपत्रावरचा जावक क्रमांक त्या कार्यालयाच्या नोंदवहीत आहे का? माझ्या मते तपास अधिकाऱ्याने पहिले पत्र त्या विभागालाच लिहायला हवे. तिथून ‘अशी पदभरती नव्हती’ असे लेखी उत्तर आले की ‘प्रयत्न करत होतो’ हा बचाव लंगडा पडतो. पत्र बनावट निघाले तर दस्तऐवज बनावटीकरणाची कलमेही लागतात. एकाच माणसाने दहा जणांना तीच जागा विकली असेल, तर ते दहा जबाब एकत्र यायला हवेत.

डिसेंबर २०२२ मध्ये उघड झालेले दिल्लीचे प्रकरण आठवा. तमिळनाडूच्या २८ तरुणांना रेल्वेत नोकरी म्हणून नवी दिल्ली स्थानकावर महिनाभर गाड्या आणि डबे मोजायला बसवले होते, ‘प्रशिक्षण’ म्हणून. सुमारे २ कोटी ६७ लाख रुपये गेले. असे खोटे प्रशिक्षण सुरुवातीपासूनच्या बनावाकडे बोट दाखवते. हदगावच्या प्रकरणात इतके नाट्य नसते; तिथे पुरावा मोबाइलमध्ये असतो.

आणि इथे जालन्याचा संबंध येतो. अर्जुन पंडितराव खोतकर विरुद्ध कैलास गोरंट्याल हा जालना विधानसभा निवडणुकीचा वाद. त्यात २०२० साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की इलेक्ट्रॉनिक नोंदीची प्रत दाखल करायची तर प्रमाणपत्र अनिवार्य. मूळ उपकरणच त्याच्या मालकाने कोर्टात आणून ते आपले असल्याचे सिद्ध केले तर मात्र गरज नाही. आता भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ च्या प्रमाणपत्रात हॅश व्हॅल्यूही लिहावी लागते. इंजिनीअरिंगला शिकलेला हा हॅश म्हणजे फाइलच्या बोटाचा ठसा समजा : एक अक्षर बदलले तरी ठसा बदलतो. म्हणून व्हॉट्सॲप चॅटचे नुसते स्क्रीनशॉट छापून दिल्याने भागत नाही. हँडसेट विकू नका, फॉरमॅट करू नका, ‘पैसे कशासाठी’ हे ज्या मेसेजमध्ये आहे तो जपा.

तडजोड झाली की?

फिर्यादीला शिक्षा नको असते, पैसे हवे असतात. कोर्टाच्या परवानगीने ही फसवणूक तडजोडीने मिटवताही येते. निम्मी रक्कम मिळाली की फिर्यादी गप्प, आणि दलाल पुढच्या गावात. तमिळनाडूच्या परिवहन विभागातील ‘पैसे द्या, नोकरी घ्या’ प्रकरणात उच्च न्यायालयाने तडजोडीवरून खटला रद्द केला होता. सर्वोच्च न्यायालयाने सप्टेंबर २०२२ मध्ये तो पुन्हा सुरू केला. ते बरोबरच झाले, कारण त्यात पात्र असून डावललेल्या उमेदवारांचेही नुकसान होते.

पैशासाठी आता दुसरी वाट आहे. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १०७ नुसार तपास अधिकारी पोलीस अधीक्षकांच्या मंजुरीने गुन्ह्यातून मिळवलेली मालमत्ता जप्त करण्यासाठी कोर्टाकडे अर्ज करू शकतो, आणि कोर्टाच्या आदेशाने जिल्हाधिकाऱ्यांनी ती साठ दिवसांत पीडितांमध्ये वाटायची असते. त्यासाठी पैसा कोणत्या खात्यातून कुठे गेला, कोणता प्लॉट किंवा गाडी घेतली, हे तपासात आधी यायला हवे. फिर्याद देताना या कलमाची मागणी लेखी करा आणि अर्जाची पोच घ्या.