घुंगरू आणि दप्तर

नूरजहाँ आमच्या समाजाला मनापासून आवडते. तिचे गाणे लागले की मोहल्ल्यातले बुजुर्ग बोलणे थांबवतात, मोबाइलचा आवाज वाढवतात आणि "अशी आवाज पुन्हा झाली नाही" म्हणून उसासा टाकतात. त्याच बुजुर्गांच्या नातीने शाळेच्या स्नेहसंमेलनात एक गीत म्हणायचे ठरवले तर मात्र घरात पंचायत बसते. आम्ही उर्दू शाळेतले शिक्षक ही पंचायत दर डिसेंबर-जानेवारीत पाहतो. म्हणूनच या विषयावर लिहिण्याचा अधिकार आमचा आहे, असे आम्ही समजतो.

ज्या नूरजहाँवर आपण इतके फिदा आहोत ती आली कुठून? १९२६ साली पंजाबातल्या कसूरमध्ये एका गाणाऱ्या-वाजवणाऱ्या कुटुंबात ती जन्मली. नाव अल्लाह वसाई. लहानपणापासून तिला गाण्याची तालीम मिळाली, आणि बहिणींबरोबर ती स्टेजवर गाऊ-नाचू लागली. पोटासाठी हे कुटुंब कलकत्त्याला गेले. तिथे थिएटर आणि सिनेमा दोन्हींत कामे मिळाली आणि अल्लाह वसाईची 'बेबी नूरजहाँ' झाली. १९३९च्या 'गुल बकावली'त ती बालकलाकार म्हणून गायली. १९४२च्या 'खानदान'मध्ये नायिका झाली, तेव्हा ती जेमतेम पंधरा-सोळा वर्षांची होती. १९४५ साली मास्टर विनायकांच्या 'बडी माँ'मध्ये ती नायिका होती, आणि त्याच चित्रपटात एका छोट्या भूमिकेत लता मंगेशकर होत्या. वडील गेल्यावर घराचा भार खांद्यावर घेतलेली ती आपल्या महाराष्ट्राची मुलगी. फाळणीनंतर नूरजहाँ पाकिस्तानात गेली. १९५१ साली तिने 'चनवे' हा पंजाबी चित्रपट दिग्दर्शित केला. १९६३ नंतर अभिनय सोडला, पण गाणे सोडले नाही. २००० साली तिचे निधन झाले तेव्हा सरहद्दीच्या दोन्ही बाजूंनी 'मलिका-ए-तरन्नुम' म्हणून तिला निरोप दिला.

एवढे सांगितले की लोक म्हणतात, "ती वेगळी गोष्ट आहे, ते मिरासी लोक होते." याच वाक्याशी आमचे पहिले भांडण आहे.

मिरासी, भांड, डोंब, कंजर. हे शब्द आपल्या बोलण्यात शिव्या म्हणून येतात. इस्लाममध्ये जात नाही, हे आपण व्यासपीठावरून सांगतो. खरे आहे, इस्लाममध्ये नाही. पण आपल्यात आहे. महाराष्ट्रातल्या मुस्लिम ओबीसी चळवळीने बिरादऱ्यांचा हा प्रश्न उघड्यावर आणला. दिलीपकुमारसारखा माणूस त्या सभांना जाऊ लागला तेव्हा अनेक शरीफ घरांना ते खुपले होते. पिढ्यान् पिढ्या ज्यांनी सूर, ताल आणि पदन्यास सांभाळला त्यांना आपण उंबऱ्याबाहेर बसवले, आणि त्यांच्या लेकीच्या गळ्याला 'मलिका' म्हणून डोक्यावर घेतले. कला हवी, कलावंत नको. सगनभाऊंची लावणी मराठीने घेतली, अमर शेखांचा आवाज चळवळीने घेतला. आपल्या किती घरांत ही दोन नावे मुलांना माहीत आहेत?

आमचे दुसरे भांडण आहे ते घरातल्या दुटप्पीपणाशी. आमच्या पाहण्यातली एक मुलगी सातवीत होती. नात फार सुरेख म्हणायची, नाटकात तर तिला उभे केले की वर्ग गप्प व्हायचा. संमेलनासाठी बसवलेल्या नाटुकल्यात तिला आईची भूमिका होती. तालमीच्या तिसऱ्या दिवशी घरून निरोप आला, मुलगी मोठी झाली, आता स्टेज नको. आम्ही निमूट दुसरी मुलगी घेतली नाही, घरी गेलो. चहा मिळाला, अदबीची वागणूक मिळाली, परवानगी मिळाली नाही. बोलता बोलता घरातल्या थोरल्या मुलाच्या लग्नाचे चित्रीकरण कौतुकाने दाखवण्यात आले. त्यात वरातीपुढे डीजे होता, आणि नाचणाऱ्यांत घरचे सगळे कर्ते पुरुष होते. त्या वर्षी मुलीचे नाटक सुटले. पुढच्या वर्षी सहल सुटली. नववीच्या पटावर तिचे नाव नव्हते.

हा क्रम आम्ही पुन्हा पुन्हा पाहिला आहे. आधी स्टेज, मग सहल, मग शाळा. सच्चर समितीने २००६ साली सांगितले की सहा ते चौदा वयोगटातली पंचवीस टक्के मुस्लिम मुले एकतर शाळेत कधी गेलीच नाहीत किंवा त्यांनी शाळा सोडली. त्या आकड्यावर आपण परिसंवाद घेतले, सरकारला धारेवर धरले आणि ते योग्यच होते. पण त्या गळतीतली जी मुलगी आपल्याच हाताने गळते तिचा हिशेब सरकार देणार नाही, तो आपण द्यायचा आहे.

"पण मजहब काय म्हणतो?" हा प्रश्न येणारच. आम्ही मुफ्ती नाही, बी.एड. झालेले मास्तर आहोत. संगीताच्या बाबतीत उलेमांमध्ये कडक मत आहे, हे आम्हाला माहीत आहे. इमाम गजालींनी 'इह्या'मध्ये समाअवर स्वतंत्र विवेचन केले आहे, चिश्ती बुजुर्गांच्या खानकाहांत कव्वाली झाली, अमीर खुसरो त्याच परंपरेत वाढले, हेही आम्हाला माहीत आहे. म्हणजे बाराव्या-तेराव्या शतकातसुद्धा ही चर्चा एका वाक्यात मिटलेली नव्हती. जो माणूस संगीत वर्ज्य मानतो आणि स्वतःच्या मोबाइलमध्ये, मुलाच्या वरातीत, दुकानातल्या रेडिओवर ते वर्ज्य पाळतो, त्याच्याशी आमचा वाद नाही, त्याचा आम्ही आदर करतो. आमचा वाद आहे तो मनाई फक्त मुलीच्या वाट्याला ठेवणाऱ्याशी. ज्या परहेजगारीचे सगळे ओझे घरातल्या बारा वर्षांच्या मुलीने वाहायचे, तिला परहेजगारी म्हणायला आमची जीभ वळत नाही.

इथवर वाचून काही वाचक खूश झाले असतील की चला, मास्तर आपल्या बाजूचे निघाले, मुलीला ऑडिशनला घेऊन जाऊ या. त्यांनी जरा थांबावे.

महजबीन बानो नावाची एक मुलगी होती. जन्म १९३३चा, मुंबईचा. वडील अली बख्श हार्मोनियम वाजवायचे, आई इक्बाल बेगम स्टेजवरची नर्तकी. घरात गरिबी. १९३९ साली विजय भट्टांच्या 'लेदरफेस'मध्ये ती पहिल्यांदा दिसली, म्हणजे आपल्याकडच्या पहिलीतल्या मुलीएवढी असताना. बेबी मीना म्हणून तिने सिनेमात काम केले, गाणीही गायली आणि त्या कमाईवर घर चालले. इतर मुलांसारखे शाळेत जावे असे तिला वाटे, असे तिचे चरित्रकार लिहितात. ती शाळा तिला धड कधी मिळाली नाही. पुढे ती मीनाकुमारी झाली, 'बैजू बावरा'साठी फिल्मफेअरचे अभिनेत्रीचे पहिले पारितोषिक तिला मिळाले. 'नाज़' या तखल्लुसने तिने उर्दू शायरी केली, ती स्वतःच्या आवाजात रेकॉर्डही केली. 'पाकीज़ा' फेब्रुवारी १९७२मध्ये लागला आणि ३१ मार्चला ती गेली. वय अडतीस. उर्दू शिकवणारे आम्ही तिच्या शायरीकडे पाहतो तेव्हा वाटते, या पोरीला चार इयत्ता, एक चांगली उस्तानी आणि खेळायला एक मैदान मिळाले असते तर?

मुलीला कोंडणारा बाप आणि मुलीच्या पायावर घर चालवणारा बाप आम्हाला एकमेकांचे विरोधक वाटत नाहीत. दोघेही तिला विचारत नाहीत. आज दुसऱ्या प्रकारचे पालक वाढत आहेत. टीव्हीवरच्या नाच-गाण्याच्या स्पर्धा आल्या आणि आई-बाप मुलाचा हात धरून पहाटेपासून रांगेत उभे राहू लागले. आता तर घरबसल्या रील निघते. तिसरीतली मुलगी वर्गात पेंगते, कारण रात्री तिचा नाच 'नीट येईपर्यंत' दहा वेळा चित्रित झालेला असतो.

कायदा काय म्हणतो तेही सांगतो, कारण आमच्या अनुभवात तो पालकांना कोणी सांगत नाही. बालकामगार कायद्यात २०१६ साली दुरुस्ती झाली. चौदा वर्षांखालील मुलांना कामावर ठेवण्यास बंदी आली, पण बालकलाकारांना अटींवर सूट मिळाली. २०१७च्या नियमांनुसार मुलाकडून दिवसाला पाच तासांपेक्षा जास्त काम घेता येत नाही, आणि विश्रांतीशिवाय सलग तीन तासांहून जास्त नाही. सलग २७ दिवसांपेक्षा जास्त काम नाही. जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी हवी, शाळा बुडणार नाही याची व्यवस्था हवी, आणि कमाईचा किमान वीस टक्के भाग राष्ट्रीयीकृत बँकेत मुलाच्या नावे मुदत ठेवीत टाकलाच पाहिजे. नियम चांगले आहेत. पण उरलेल्या ऐंशी टक्क्यांचे काय, हे ते सांगत नाहीत. आणि घरातल्या मोबाइलपुढे नाचणाऱ्या मुलीला कोणता निर्माता, कोणता जिल्हाधिकारी? तिथे आई-बापाची नियतच कायदा.

मग वाट कोणती? ती आपल्याच समाजातल्या एका घराने दाखवून ठेवली आहे. वहीदा रहमान १९३८ साली तमिळनाडूतल्या चेंगलपट्टूला जन्मल्या. वडील सरकारी अधिकारी. मुलींना भरतनाट्यम शिकायचे होते, त्यांनी शिकवले. नातेवाइकांनी नाके मुरडली तेव्हा कोणतीही कला वाईट नसते, माणसाचे वागणे चांगले-वाईट असते, अशी वडिलांची भूमिका होती, असे वहीदाजींनी सांगितले आहे. विशाखापट्टणमला राजगोपालाचारींसमोर ही लहान मुलगी नाचली. वडील लवकर गेले आणि घराला गरज पडली तेव्हा ती सिनेमात आली. 'सी.आय.डी.'च्या करारावेळी ती सज्ञानसुद्धा नव्हती, सही आईने केली. पण नाव बदलायला तिने साफ नकार दिला, आणि पसंत नसलेले कपडे घालणार नाही, ही अट करारात घालून घेतली. पुढे 'प्यासा' झाला, 'गाईड' झाला, आणि २०२१ सालचा दादासाहेब फाळके पुरस्कार २०२३मध्ये जाहीर झाला तेव्हा ती वहीदा रहमान म्हणूनच उभी होती. हे धाडस स्टुडिओत शिकवले जात नाही. ज्या मुलीला घरात "तुला काय वाटते?" असे विचारले गेलेले असते, ती बाहेर 'नाही' म्हणू शकते.

जाता जाता बाहेरच्या मंडळींनाही दोन शब्द. मुस्लिम मुलगी पडद्यावर आली की तिच्या 'मुक्ती'चे ढोल वाजवायचे, आणि पडद्यावर तिला शतकभर कोठ्यावरच बसवायचे, हा तुमचा खेळ आम्हाला कळतो. 'दंगल'मधल्या काश्मिरी मुलीला, झायरा वसीमला, काम केले म्हणून आपल्यातल्यांनी छळले. २०१९ साली तिने धर्माचे कारण देऊन सिनेमा सोडला तेव्हा तुमच्यातल्यांनी तिची टर उडवली. येण्याचा हक्क तिचा असेल तर जाण्याचा हक्कही तिचाच आहे. दोन्ही बाजूंनी त्या मुलीला तेवढे मोठे मानले नाही.

आमचे मागणे फार नाही. कला हा विषय उर्दू शाळांच्या वेळापत्रकात छापलेला आहे, तो शिकवला जावा. गणिताचा राहिलेला भाग उरकण्यासाठी वापरला जाऊ नये. दहावीला शास्त्रीय गायन, नृत्य, लोककला, चित्रकला यांसाठी राज्यात वाढीव गुण मिळतात. आमच्या ओळखीच्या उर्दू शाळांतून चित्रकलेचे प्रस्ताव जातात. गाण्याचा किंवा नृत्याचा एकही प्रस्ताव गेल्याचे आम्ही पाहिलेले नाही. संस्थाचालकांनी याचे उत्तर द्यावे. ज्या घरात मुलगी कमावते तिथे तिच्या नावाचे पासबुक असावे आणि ते तिला वाचता यावे. मशिदीच्या जमातीत गळतीची चर्चा व्हावी तशी या गोष्टीचीही व्हावी.

आणि ज्यांना मुलींनी गाऊ-नाचू नये असेच वाटते त्यांनीही एक करावे. मुलीचे स्टेज बंद करायचे असेल तर तुमच्या घराचा तो निर्णय आम्ही ऐकून घेऊ. पण दुसऱ्या दिवशी सकाळी दप्तर घेऊन ती वर्गात दिसली पाहिजे. हजेरी घेताना आम्ही तिचे नाव पुकारू. तेव्हा ती गैरहजर असेल, तर आम्ही पुन्हा तुमच्या दारात येऊ आणि या वेळी चहा घेणार नाही.