बिअरचा पेला आणि कॉलेजचे मैदान

अहिल्याबाई होळकरांच्या जन्माला तीनशे वर्षे पूर्ण होत असल्याचे निमित्त साधून मध्य प्रदेश सरकारने २४ जानेवारी २०२५ रोजी त्यांच्या राजधानीत, नर्मदातीरीच्या महेश्वरात, मंत्रिमंडळाची बैठक घेतली आणि राज्यातील तीर्थक्षेत्रांत दारूबंदी करण्याचा निर्णय जाहीर केला. १ एप्रिल २०२५ पासून उज्जैन, ओंकारेश्वर, महेश्वर, मैहर, चित्रकूट आदी १९ नगरे व ग्रामपंचायती यांच्या हद्दीतील दारूची दुकाने बंद झाली. निर्णय स्वागतार्ह होता. परंतु त्याच वर्षीच्या अबकारी धोरणात दुसरेही एक कलम होते, व त्याकडे पुष्कळांचे लक्ष गेले नाही. ज्या पेयांत मद्यार्काचे प्रमाण शेकडा १० पेक्षा अधिक नाही अशी बिअर, वाइन व तत्सम पेयेच पाजणाऱ्या निराळ्या बारना त्यात मुभा देण्यात आली. तीर्थात बंदी आणि शहरात सवलत, असा हा दुहेरी व्यवहार आहे. कडक दारू वाईट, पण बिअर ही काही दारू नव्हे, हा समज त्यातून सरकारी मोहोर लागून बाहेर पडला.

उज्जैनपासून अवघ्या ५५ किलोमीटरांवर असलेले इंदूर तीर्थक्षेत्रांच्या यादीत नाही, हे ओघानेच आले. इंदूर हे बाजारपेठेचे, आणि त्याहूनही अधिक विद्यार्थ्यांचे शहर. १८९१ साली स्थापन झालेले होळकर कॉलेज, १९६४ पासूनचे विद्यापीठ, आयआयटी व आयआयएम या केंद्रीय संस्था आणि शिकवणी वर्गांची अगणित गर्दी, यांमुळे माळव्यातील व निमाडातील हजारो मुले अठराव्या वर्षी घर सोडून या शहरात येतात. खेळाचेही येथे वेड आहे. १९४५-४६ ते १९५२-५३ या काळात चार वेळा रणजी करंडक जिंकणारा, कर्नल सी. के. नायडूंचा होळकर संघ याच गावचा. बास्केटबॉललाही येथे चांगला प्रेक्षक आहे. २०२३ च्या आरंभी मध्य प्रदेशात भरलेल्या ‘खेलो इंडिया’ युवा स्पर्धांतील बास्केटबॉलचे सामने इंदूरलाच झाले. या शहरात कॉलेजच्या सामन्यात बिअर विकावी, अशी मागणी आमच्या तरी ऐकिवात नाही. मग हा विषय आजच का काढावा, असे कोणी विचारील. त्याचे उत्तर असे की, मागणी पुढे येते तेव्हा ती तत्त्वाचे रूप घेऊन येत नाही. ती ‘सौम्य पेय’ या निरुपद्रवी नावाने, आणि बहुधा पैशाच्या थैलीसह येते. अमेरिकेत नेमके हेच घडले, व म्हणून तेथील अनुभव तपासून पाहण्याजोगा आहे.

अमेरिकेत विद्यापीठीय बास्केटबॉल हा केवळ विद्यार्थ्यांचा विरंगुळा राहिलेला नाही. तो एक प्रचंड उद्योग आहे. तरीही सामन्यातील सर्वसामान्य प्रेक्षकाला तेथील पुष्कळ विद्यापीठांनी वर्षानुवर्षे बिअर विकली नाही. १९८४ साली त्या देशाने मद्य विकत घेण्याचे वय सर्वत्र २१ व्हावे यासाठी कायदा केला, आणि विद्यार्थ्यांचा मोठा भाग त्या वयाखालचा असल्याने बंदी हेच सोयीचे धोरण ठरले. त्यातही एक पंक्तिभेद होताच. अनेक ठिकाणी देणगीदारांच्या राखीव कक्षांत पेले फिरत, बंदी होती ती खालच्या बाकांना. पुढे बांध फुटला. २०१८ मध्ये तेथील राष्ट्रीय विद्यापीठ क्रीडा संघटनेने आपल्या सर्व अजिंक्यपद स्पर्धांत मद्यविक्रीला वाट मोकळी केली. २०१९ मध्ये आग्नेयेकडील १४ विद्यापीठांच्या परिषदेने आपली जुनी बंदी उठवून निर्णय ज्याच्या त्याच्यावर सोपविला. त्या परिषदेच्या अटी वाचनीय आहेत. फक्त बिअर व वाइन. एका वेळी एका माणसास दोनच पेले. प्रत्येक खरेदीला वयाचा दाखला. बाकांमधून हिंडून विक्री नाही. आणि पुरुषांच्या बास्केटबॉल सामन्यात उत्तरार्धाची १२ मिनिटे उरली असता होणाऱ्या विश्रांतीला विक्री बंद. घरी गाडी हाकत जाणाऱ्याची नशा थोडी उतरावी, हा या शेवटच्या अटीचा उघड हेतू.

या परवानगीचे समर्थन करणारे वेस्ट व्हर्जिनिया विद्यापीठाचे उदाहरण नेहमी पुढे करतात. तेथे २०११ पासून फुटबॉलच्या सामन्यांत बिअर विकली जाऊ लागली, आणि त्या हंगामात पोलिसांपर्यंत जाणारे तंटे वाढण्याऐवजी कमी झाले. हे खरे आहे. पण हे उदाहरण सांगताना अर्धीच गोष्ट सांगितली जाते. पूर्वी तेथे मध्यंतरात प्रेक्षक बाहेर जात, मोटारींच्या तळावर यथेच्छ मद्य घेत व परत आत येत. बिअरविक्री सुरू करताना विद्यापीठाने ही ये-जा बंद केली; एकदा बाहेर पडलेल्याला पुन्हा आत प्रवेश नाही, असा नियम घातला. तंटे कमी झाले ते बिअर आल्यामुळे की दार लागल्यामुळे, याचा निवाडा वाचकांनीच करावा. आमच्या मते श्रेय द्यावयाचे तर ते दाराला द्यावे लागेल.

खरा प्रश्न याच्याही पलीकडचा आहे. विद्यापीठ आपल्या अंगणात बिअर विकते तेव्हा त्या पैशावर त्याचा संसार उभा राहू लागतो. अमेरिकेत २०२५-२६ या वर्षापासून विद्यापीठांना आपल्या खेळाडूंना थेट मोबदला देण्याची मुभा मिळाली असून त्याची मर्यादा प्रत्येक विद्यापीठामागे वर्षाला सुमारे २ कोटी ५ लाख डॉलर एवढी आहे. एवढा खर्च अंगावर घेतलेली संस्था उत्पन्नाची कोणती वाट सोडील? जो पेला काल ‘प्रेक्षकांची सोय’ होता, तो उद्या अंदाजपत्रकातील आवश्यक बाब होतो. मग वयाचा दाखला बारकाईने तपासणारा कर्मचारी हा विद्यापीठाच्या उत्पन्नाच्याच आड येऊ लागतो. गुरू आणि गुत्तेदार या दोन भूमिका एकाच माणसाने कराव्यात, आणि दोन्ही प्रामाणिकपणे कराव्यात, ही अपेक्षा मनुष्यस्वभावाला धरून नाही.

मैदान आणि मद्य यांच्या मैत्रीची फळे जगाने चाखली नाहीत असे नाही. ४ जून १९७४ रोजी क्लीव्हलंड येथे बेसबॉलच्या एका सामन्याला गर्दी खेचण्यासाठी दहा सेंटांत बिअरचा पेला देण्यात आला. रात्र सरता सरता प्रेक्षक मैदानात घुसले, खेळाडूंना बॅटी उगारून स्वतःचे रक्षण करावे लागले आणि यजमान संघाला सामना गमवावा लागला. ब्रिटनने १९८५ साली कायदा करून फुटबॉलच्या मैदानाकडे पाहत मद्य पिण्यास मनाई केली. २०२२ च्या विश्वचषकाला अवघे दोन दिवस उरले असता कतारने क्रीडागारांतील बिअरविक्री बंद केली, तेव्हा पुरस्कर्त्या कंपनीचा करार आडवा आला नाही. तात्पर्य, मद्यावाचून खेळ ओस पडतो हा समज खोटा आहे.

आपल्याकडे मात्र पेला प्रेक्षकाच्या हातात येण्यापूर्वी खेळाडूच्या छातीवर आला. १९९८ मध्ये कलकत्त्याच्या मोहन बागान व ईस्ट बंगाल या दोन नामांकित फुटबॉल संघांच्या नावाआधी मद्याच्या छापांची नावे लागली. २००८ मध्ये बंगळूरच्या क्रिकेट संघाचे बारसे एका व्हिस्कीवरून झाले. मद्याच्या जाहिरातीला दूरचित्रवाणीवर बंदी असल्यामुळे तोच छाप सोड्याच्या नावाने घराघरांत पोचतो. होळकर संघामागे एक राजा उभा होता. राजा गेला आणि खेळाला नवा पोशिंदा हवा झाला. कॉलेजच्या खेळाला तर आजही पोशिंदा नाही. चेंडू, जाळी, प्रवासभत्ता यांसाठी जेथे क्रीडाशिक्षकाला पदर पसरावा लागतो, तेथे उद्या एखाद्या ‘सौम्य पेया’च्या कंपनीने करंडक व गणवेश देऊ केले तर नकार देण्याचे बळ किती प्राचार्यांत असेल?

केवळ बंदी पुकारून हे बळ येत नाही, हेही इंदूरनेच दाखविले आहे. दारूच्या दुकानाला लागून बसून पिण्याच्या जागांना तिकडे ‘अहाते’ म्हणतात. १ एप्रिल २०२३ पासून राज्यभरचे अहाते बंद करण्यात आले. दुकाने मात्र राहिली. बाटली विकत घेतलेला माणूस ती घेऊन सरळ घरी जातो, असे मानणे भाबडेपणाचे आहे. सप्टेंबर २०२२ मध्ये इंदूरच्या तेव्हाच्या बीआरटीएस मार्गालगतची दुकाने व उपाहारगृहे रात्रभर उघडी ठेवण्यास परवानगी मिळाली. ती मद्यालयांसाठी नव्हती. उद्योगांत रात्रपाळी करणाऱ्यांची व व्यापाराची सोय व्हावी हा हेतू होता. तरी मद्यधुंद तरुणांचे रस्त्यावरचे धिंगाणे गाजू लागले, आणि जुलै २०२४ मध्ये ती परवानगी मागे घ्यावी लागली. धिंगाणा मूठभरांचा, आणि रात्रीचा धंदा बुडाला तो पोहे-जिलेबी विकणाऱ्याचा. एके वर्षी अहाते बंद, पुढे एके वर्षी बाजार बंद, त्यानंतर सौम्य पेयांचे बार खुले. अशा हेलकाव्यांतून तरुणाला एकच शिकवण मिळते: नियम हा सरकारच्या लहरीचा भाग असून तो पाळण्यापेक्षा टाळणे सोपे.

हे लिहिताना गोमंतकीयांनी आपला चेहरा आरशात पाहून घ्यावा, हे बरे. इंदूरला उपदेश करण्याचा अधिकार आपल्याला जन्मजात नाही. काजूच्या फेणीला २००९ साली भौगोलिक ओळखीचा मान मिळाला, त्याचा अभिमान रास्तच आहे. त्या भट्टीवर कित्येक घरांची चूल पेटली. पण मद्य विकत घेण्याचे वय आपल्याकडेही २१ आहे, याची आठवण किती दुकानांच्या फळीवर ठेवली जाते? समुद्रकिनाऱ्यावर मद्य पिणाऱ्यास २,००० रुपये व घोळक्यास १०,००० रुपये दंड करणारी दुरुस्ती २०१९ मध्ये झाली, ती करावी लागली यातच आपली कहाणी आली. गोव्याने २०२३ मध्ये ३७ व्या राष्ट्रीय क्रीडा स्पर्धांचे यजमानपद भूषविले, उत्तम क्रीडागारे उभी केली. त्या क्रीडागारांचा वार्षिक खर्च भागविण्याचा प्रश्न उद्या येईल, तेव्हा संध्याकाळच्या सामन्याला ‘थोडी बिअर’ ठेवण्याची सूचना पहिल्याने येण्याचा संभव इंदूरपेक्षा आपल्याकडेच अधिक आहे.

म्हणून आमचे म्हणणे स्पष्ट आहे. प्रौढ माणसाने आपल्या पैशाने, कायद्याच्या मर्यादेत काय प्यावे हा त्याचा प्रश्न. त्याच्या ताटावर पहारा ठेवण्याची आम्हाला हौस नाही. परंतु कॉलेजचे मैदान ही निराळी जागा आहे. तेथील बाकांवर बसणारा मोठा वर्ग अठरा ते एकवीस या वयातला, म्हणजे मतदानाला पात्र पण मद्यखरेदीला अपात्र असा आहे. जी वस्तू घेण्यास आपले बहुसंख्य विद्यार्थी कायद्याने असमर्थ आहेत, ती वस्तू शिक्षणसंस्थेने आपल्या मंडपात विकू नये, व तिचा छाप विद्यार्थ्यांच्या अंगावर चढवू नये. दोन्ही राज्यांतील विद्यापीठांनी हा नियम मागणी येण्यापूर्वीच लेखी करून ठेवावा. थैली समोर आल्यावर केलेला नियम टिकत नसतो. त्याच्या जोडीला सरकारांनी दोन गोष्टी कराव्यात. दुकानात वयाचा दाखला मागण्याची सक्ती कागदावरून काउंटरवर आणावी, आणि मद्यावरील कराच्या उत्पन्नातील एक ठरावीक वाटा कॉलेजांच्या खेळासाठी कायद्याने राखून ठेवावा. दारूचा पैसा सरकारी तिजोरीत येतोच आहे. तो मुलांपर्यंत पोचावयाचा तर गणवेश, दिवे आणि प्रशिक्षक यांच्या रूपाने पोचावा, पेल्याच्या रूपाने नको.

सामना संपल्यावर हजारो मुले दुचाकींवरून रात्रीच्या रस्त्याला लागतात. गावाकडे त्यांच्या आईबापांनी जमीन गहाण टाकून, दागिने मोडून त्यांना शहरात पाठविलेले असते. ती मुले खोलीवर सुखरूप पोचणे, हा कोणत्याही सामन्याचा खरा निकाल होय. तो निकाल पणाला लावून मिळणारे उत्पन्न कोणत्याही विद्यापीठाला परवडणारे नाही.