चव हवी, माणूस नको!

हा अंक आपल्या हाती पडेल तेव्हा घरोघर फराळाचे डबे भरलेले असतील. यंदा चकलीला काटे नीट आले की नाही, अनारसे हसले की काय, याची चौकशी चालू असेल. अशा मंगल वेळी भांडण उकरून काढू नये, असे आमच्या घरातल्या मंडळींनी मला दोनदा बजावले. परंतु माझे भांडण खाण्याविषयीच आहे, आणि खाण्याविषयी दिवाळीत बोलायचे नाही तर बोलायचे तरी कधी?

माझा भाचा परदेशात नोकरी करतो. गेल्या हिवाळ्यात तो सुटीवर आला तेव्हा त्याच्याबरोबर त्याचा एक सहकारी आणि त्या सहकाऱ्याची बायको, असे दोन पाहुणे होते. मुंबईत हल्ली संध्याकाळच्या खाद्यफेऱ्या निघतात. रस्त्यावरचे पदार्थ खायला घालायचे आणि त्याबरोबर गल्लीबोळांतले 'स्थानिक जीवन' दाखवायचे, असा त्यांचा बेत असतो. भाच्याने तशा एका फेरीची चार तिकिटे काढली. माणशी तीन हजार रुपये. "मामा, तू पण चल," तो म्हणाला. ज्या शहरात मी जन्मलो त्या शहराचे जीवन मला तीन हजारांत दाखवणार! खरे म्हणजे मीच स्थानिक जीवन. तिकीट काढायचेच तर मला पाहण्याचे काढायला हवे होते.

पण गेलो. आणि खोटे कशाला बोलू, पहिला तास मोठ्या मौजेत गेला. वाटाड्या म्हणून आलेला तरुण हुशार होता. चौपाटीवर सूर्य बुडताना त्याने भेळ खिलवली. गिरगावातून भुलेश्वरकडे नेताना वडापावची कुळकथा सांगितली. पाव हा शब्द पोर्तुगीजांचा, बटाटा दक्षिण अमेरिकेतला, मिरचीही तिकडचीच, आणि १९६६ च्या सुमारास दादर स्टेशनाबाहेर अशोक वैद्य यांनी या तिघांची गाठ घालून दिली असे मानतात, हे सगळे त्याने खुलवून सांगितले. पाहुणे माना डोलावत होते. मास्तर म्हणून मलाही त्याचे कौतुक वाटले. "मग गिरण्यांचा संप झाला आणि वडापाव सगळीकडे पसरला," असे म्हणून तो पुढच्या गाडीकडे वळला.

वाचकहो, त्या एका वाक्यात काय काय दडपले गेले! १८ जानेवारी १९८२ रोजी डॉ. दत्ता सामंतांच्या नेतृत्वाखाली गिरण्यांचा संप सुरू झाला. सुमारे अडीच लाख कामगार त्यात उतरले आणि त्यांतले असंख्य पुन्हा कधी साच्यावर उभे राहिलेच नाहीत. लालबाग-परळच्या चाळींत चुली बंद पडू लागल्या तेव्हा कोणी भाजीची टोपली घेतली, कोणी कढई घेतली. रस्त्याच्या कडेला जी वड्याची गाडी उभी राहिली ती हौसेने नव्हे. नोकरी गेली म्हणून ती उभी राहिली.

त्याच्याही आधीची गोष्ट खानावळींची. कोकणातून, घाटावरून एकटे आलेले कामगार एकेका खोलीत दाटीवाटीने राहत; त्यांना जेवू घालणाऱ्या बाया घरच्या चुलीवर दहा-दहा, वीस-वीस जणांची ताटे करीत. त्यांचे कष्ट कोणाच्या हिशेबात नव्हते. किराणा उधारीवर आणि उधारी सावकाराच्या व्याजाने. प्रेमा पुरव यांनी १९७५ साली अन्नपूर्णा महिला मंडळ काढून या बायांना बँकेच्या दारापर्यंत नेले, तेव्हा कुठे त्या 'धंदा करतात' हे कागदावर आले. या शहराच्या चवीचा इतिहास असा आहे. ज्यांना बसून जेवायला जागा नव्हती आणि वेळही नव्हता, त्यांच्यासाठी हे पदार्थ झाले. वडापाव एका हातात मावतो, उभ्याने खाता येतो आणि पाळी सुटल्यापासून लोकल पकडेपर्यंतच्या वेळात संपतो. त्याचा आकारसुद्धा घड्याळाने आणि खिशाने ठरवलेला आहे.

आता मूळ प्रसंगाकडे येतो. मुंबादेवीच्या बाजूच्या एका गल्लीत आम्ही डोशाच्या हातगाडीपाशी उभे होतो. शेजारी निखाऱ्यावर खिचिया पापड भाजला जात होता. गाडीवाला पन्नाशीचा, हात असे चालत होते की तव्यावर पीठ पडलेले दिसे आणि पुढच्या क्षणी डोसा कागदावर. पाहुण्यांनी दोन डोसे घेतले. पैसे शेवटी एकदम द्यायचे, असा वाटाड्याचा रिवाज. इतक्यात गल्लीच्या तोंडाशी कोणीतरी ओरडले, "गाडी आली!"

ती आरोळी ज्याने ऐकली आहे त्याला पुढचे सांगायला नको. पापडवाल्याने पेटत्या निखाऱ्यांची शेगडी उचलली आणि तो बोळात शिरला. चादरीवर मांडलेले रुमाल-मोजे चारी टोके धरून गाठोडे होऊन पळाले. डोशेवाल्याने गाडी वळवली, चाक गटाराच्या झाकणाला अडले, आणि पिठाचे पातेले कलंडले. दोन दिवसांचे तांदूळ-उडीद, भिजवलेले, दळलेले, आंबवलेले, क्षणात रस्त्यावर वाहिले. तो मागे न पाहता गाडी ढकलीत नाहीसा झाला.

आमच्या तुकडीने काय केले? मोबाइल वर केले. भाचा चित्रण करीत होता, पाहुणे चित्रण करीत होते. वाटाड्या हसून म्हणाला, "घाबरू नका. हेही इथलं स्थानिक जीवनच आहे!" तेवढ्यात त्या पाहुण्या बाईने विचारले, "सांडलेल्या पिठाचे पैसे त्याला कोण देणार?" वाटाड्या गप्प. भाचा गप्प. मीही गप्प. कार्यक्रमात पुढे फालुदा होता, म्हणून आम्ही फालुद्याकडे निघालो. फालुदा समोर आला तेव्हा मला आठवले, त्याच्या दोन डोशांचे पैसेसुद्धा आम्ही दिलेले नव्हते.

इथे कोणी म्हणेल, मास्तर, फेरी काढणाऱ्यांवर राग काढता आहात. मुळीच नाही. परगावच्या माणसाने आमच्या रस्त्यावर यावे, खावे, दोन गोष्टी ऐकाव्या, यात मला आनंदच आहे. वाटाड्याचेही पोट त्यावर आहे. माझा राग त्या हिशेबावर आहे, ज्यात चवीला किंमत आहे आणि चव करणाऱ्याला नाही. तीन हजारांच्या तिकिटात ज्याचा वीस-पंचवीस रुपयांचा पदार्थ, त्याचे उभे राहणेच बेकायदा! देवळात दर्शनाची पावती फाडावी आणि देवाला हद्दपारीची नोटीस द्यावी, तशातला हा प्रकार.

आणि या हिशेबात तुम्ही-आम्ही सगळे सामील आहोत. माझेच सांगतो. आमच्या सोसायटीने स्टेशनच्या वाटेवरचे फेरीवाले उठवावेत म्हणून अर्ज केला होता. चिटणीस कागद घेऊन आले, मी चहा पिता पिता सही केली. अर्जात काय होते ते धड वाचलेही नाही. महिन्याभराने माझ्या वर्गातला एक मुलगा चार दिवस शाळेत आला नाही. पाचव्या दिवशी आला तेव्हा मी दटावले, "कुठे होतास रे?" तो म्हणाला, "सर, बाबांची गाडी उचलली. ती सोडवायला आई-बाबा फिरत होते. मी घरी धाकट्याला सांभाळत होतो." त्या गाडीवरचा वडा मी कित्येक संध्याकाळी खाल्ला होता. गाडी उचलायच्या कागदावर माझी सही होती. मी त्या मुलाला बसायला सांगितले आणि फळ्याकडे तोंड केले.

आता प्रतिपक्षाचे म्हणणे ऐकू. पहिला आक्षेप: फुटपाथ चालणाऱ्यांचा आहे. कबूल, शंभर वेळा कबूल. म्हाताऱ्या माणसाला, लेकरू कडेवर घेतलेल्या बाईला वाट मिळालीच पाहिजे. परंतु त्याच फुटपाथवर अर्धी चढवून ठेवलेली मोटार कोणाची असते हो? ती उठवा म्हणून आमच्या सोसायटीने कधी अर्ज केल्याचे मला स्मरत नाही. दुसरा आक्षेप: स्वच्छता. तोही खरा. पण ज्याला आज इथून आणि उद्या तिथून पळवायचे, त्याने पाण्याचा नळ कुठे घ्यावा? आधी माणसाला टेकू द्यायचे नाही आणि मग हात का धुतले नाहीस म्हणून विचारायचे, हा कुठला न्याय! जागा द्या, पाणी द्या, कचऱ्याची पेटी द्या, त्याबद्दल शुल्क घ्या, आणि मग खुशाल तपासणी करा, दंड करा.

तिसरा आक्षेप: कायदा. इथे मात्र आक्षेप घेणाऱ्यांनीच कायदा वाचलेला नसतो. रस्त्यावर विक्री करणे हा व्यवसायाच्या स्वातंत्र्यातच मोडतो, त्यावर वाजवी बंधने घालता येतील, असे सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने सोदान सिंग खटल्यात १९८९ सालीच सांगितले. अमुकच जागेवर हक्क नाही, हेही त्याच निकालात आहे. पुढे २०१४ साली संसदेने पथविक्रेत्यांचा कायदा केला. दर पाच वर्षांनी विक्रेत्यांची पाहणी करावी, पाहणी पुरी होईतो कोणाला उठवू नये, शहराच्या लोकसंख्येच्या अडीच टक्क्यांच्या मर्यादेत त्यांना सामावून घ्यावे, असे त्यात स्वच्छ लिहिले आहे. नगर पथविक्रेता समितीत किमान ४० टक्के प्रतिनिधी विक्रेत्यांचेच, आणि त्यांतल्या एक तृतीयांश बाया. जप्त केलेला नाशवंत माल मागणी केल्यास त्याच दिवशी परत द्यायचा. इतका शहाणा कायदा! तो होऊन दहा वर्षे उलटली. कित्येक शहरांत पाहणी आणि समित्या वर्षानुवर्षे रेंगाळल्या. २०२० च्या जूनमध्ये केंद्र सरकारने याच विक्रेत्यांसाठी स्वनिधी योजना काढली आणि धंद्याला सुरुवातीचे १०,००० रुपयांपर्यंत कर्ज देऊ केले. म्हणजे एका हाताने गाडीसाठी कर्ज द्यायचे आणि दुसऱ्या हाताने ती गाडी उचलायची!

चौथा आक्षेप शेवटचा: इतक्या दाटीत जागा आणायची कुठून? अहो, आपल्याच देशात उत्तर आहे. होळकरांच्या इंदूरात जा. सराफ्यात दिवसभर सोन्या-चांदीचा व्यापार चालतो. रात्री सराफांनी दारे ओढली की त्याच ओट्यांवर, त्याच दुकानांपुढे भुट्ट्याचा कीस, गराडू, जिलबी यांची गर्दी उसळते आणि ती मध्यरात्र उलटेपर्यंत हलत नाही. अहमदाबादेत माणेक चौक. दिवसा तिथे सराफी बाजार, रात्री खाण्याचा बाजार. तिथे कोणी नवी जमीन पैदा केली नाही. घड्याळाची वाटणी केली. सोने विकणाऱ्याला जी जागा रात्री नको, ती डोसा विकणाऱ्याला मिळाली. आमच्या शहरात रात्री आठनंतर ओस पडणारे रस्ते आणि बँकांच्या पायऱ्या काय कमी आहेत? कमी आहे ती फक्त दानत.

म्हणून माझे मागणे साधे आहे. पुढच्या वेळी सोसायटीचा कागद सहीला येईल तेव्हा सही करण्यापूर्वी खाली उतरा आणि ज्याच्याविरुद्ध तो आहे त्याच्याशी पाच मिनिटे बोला. मते मागायला दारी येणाऱ्याला विचारा, आपल्या शहरात पथविक्रेता समिती आहे काय, आणि ती बसते कधी. खाद्यफेऱ्या काढणाऱ्यांनी विक्रेत्याचे पैसे आधी द्यावेत, त्याला विचारल्याशिवाय त्याचे चित्रण करू नये, आणि त्याच्या जागेसाठी अर्ज होईल तेव्हा पहिली सही आपली करावी. ज्याच्या कढईवर आपण संसार चालवतो, त्याच्यासाठी एवढे करणे म्हणजे उपकार नव्हेत.

आणि आपण, फराळाच्या ताटाभोवती बसलेली मंडळी! जरा घरात नजर टाका. पणत्या कुठून आणल्या? रांगोळीचे रंग, झेंडूची फुले, कंदील, नरकचतुर्दशीला पायाखाली फोडायचे ते कारीट? बहुतेक सगळी दिवाळी आपण फुटपाथवरून उचलून घरी आणतो, आणि तीही घासाघीस करून. दिवाळी सरली की त्याच फुटपाथबद्दल नाक मुरडतो.

त्या डोशेवाल्याच्या गल्लीत मी नंतर तीनदा जाऊन आलो. तो दिसला नाही. शेजारच्या चहावाल्याला विचारले, तर तो म्हणाला, "आता कुठे दुसरीकडे उभा राहत असेल." दोन डोशांचे पैसे मी एका पाकिटात घालून ठेवले आहेत. सांडलेल्या पिठाचे किती घालावेत हे मात्र मला अजून ठरवता आलेले नाही.